ऐब आणि गुनाह

संगीतकार नौशाद अली यांच्या लग्नाची हकीकत वाचकांपैकी अनेकांनी ऐकली असेल. ते स्वतःच ती रंगवून सांगत असत. मुंबईत त्यांचे नाव झाले होते. १९४४ च्या ‘रतन’ची गाणी गल्लोगल्ली वाजत होती. आणि तिकडे लखनौला त्यांच्या घरच्यांनी मुलीकडच्यांना सांगितले होते की मुलगा मुंबईत शिवणकाम करतो, दर्जी आहे. संगीताचे नाव काढले असते तर रिश्ता जमला नसता. लग्नाच्या दिवशी बँडवाल्यांनी नेमक्या ‘रतन’च्याच चाली वाजवायला घेतल्या. घरातली वडील मंडळी, ही असली गाणी करणाऱ्याने पोरांची डोकी बिघडवली म्हणून त्या अज्ञात संगीतकाराला बोल लावत होती. नवरदेव गप्प बसून होते. सांगणार तरी काय?

ही गोष्ट आपण हसून सोडून देतो. आम्हीही पहिल्यांदा ऐकली तेव्हा हसलो. पण ती नीट मांडून पाहिली की हसू ओसरते. बँड कोणी बोलावला? वडील मंडळींनी. बिदागी कोणी दिली? त्यांनीच. चाल कोणी ऐकली? सगळ्या मंडपाने. मग दोषी कोण ठरला? ज्याने ती चाल बांधली तो एकटा. बरे, ज्यांनी मुलाचा धंदा लपवला त्यांचे काय? संगीत हराम की हलाल यावर आपल्या आलिमांमध्ये हजार वर्षांहून अधिक काळ मतभेद आहेत. निकाहच्या बाबतीत दुसऱ्या पक्षाला खोटे सांगणे वाईट, यावर मात्र कोणाचाच मतभेद नाही. म्हणजे ज्या गोष्टीबद्दल वाद आहे तिची एवढी दहशत, आणि जिच्याबद्दल वादच नाही ती बेधडक केली गेली. यावरून एकच निष्कर्ष निघतो. त्या घराला भीती गुनाहची नव्हती. भीती ऐबची होती.

हे दोन शब्द आपण बोलण्यात एकमेकांच्या जागी वापरतो, म्हणून थोडे थांबून पाहू. गुनाहचा हिशेब बंदा आणि अल्लाह यांच्यात असतो. तो लखनौत एक आणि मुंबईत दुसरा असा नसतो. ऐब मात्र मोहल्ल्यागणिक बदलतो. कुर्ल्याला जे ऐब, ते मुंब्र्याला हुनर ठरू शकते. गुनाह झाला तर तौबा करता येते. ऐब असेल तर माणूस तौबा करत नाही, पडदा ओढतो. आणि गंमत अशी की आपण ऐबची गोष्ट करताना भाषा नेहमी गुनाहची वापरतो. ‘लोक काय म्हणतील’ असे म्हणायला लाज वाटते, म्हणून ‘दीनमध्ये परवानगी नाही’ असे म्हणतो.

नौशाद यांचे वडील वाहिद अली लखनौच्या कोर्टकचेरीत मुन्शी होते. पांढरपेशे घर, पैसा बेताचा, इज्जत मात्र जपलेली. मुलगा लहानपणापासून देवा शरीफच्या उरुसात कव्वालांच्या पुढ्यात जाऊन बसायचा. पुढे मूकपटांच्या थिएटरात पडद्याखाली बसून वाजवणाऱ्या वादकांकडे टक लावून पाहू लागला. वाद्यांच्या दुकानात हरकाम्या म्हणून राहिला, तेही हार्मोनियमला हात लावायला मिळावा म्हणून. वडिलांनी बजावले, घर निवड किंवा गाणे निवड. १९३७ साली मुलगा मुंबईला निघून आला. वय पुरते अठराही नव्हते. दादरला ब्रॉडवे थिएटरच्या समोरच्या फुटपाथवर रात्री काढल्या. मग वाद्यवृंदात पियानोवादक म्हणून काम, मग खेमचंद प्रकाश यांचे साहाय्यक. खेमचंदजींना ते अखेरपर्यंत गुरू मानत. १९४० साली ‘प्रेम नगर’ हा स्वतंत्र चित्रपट मिळाला. १९५२ साली ‘बैजू बावरा’ त्याच ब्रॉडवेला लागला, तेव्हा तो रस्ता ओलांडायला आपल्याला सोळा वर्षे लागली असे ते म्हणत. १९४० ते २००५ या पासष्ट वर्षांत त्यांनी साधारण तेवढेच चित्रपट केले, वर्षाला सरासरी एक. या धंद्याची घाई पाहता हा संयम लहान म्हणता येणार नाही. १९८१ चा दादासाहेब फाळके पुरस्कार, १९९२ चे पद्मभूषण, आणि ५ मे २००६ रोजी मुंबईतच इंतकाल. आज वांद्र्याच्या कार्टर रोडला त्यांचे नाव आहे.

मुन्शीजींना नेमके काय बोचले असेल? आमचा तर्क असा की मुलगा गुनाहगार होईल यापेक्षा तो मिरासी म्हणवला जाईल, हे त्यांना जास्त बोचले. उत्तरेकडे गाणे-बजावणे हे मिरासी, ढाढी, डोम यांचे जन्माने ठरलेले काम होते. शरीफ घरांनी ते ऐकायचे, बक्षिसी द्यायची, आणि त्यांच्यात रिश्ता करायचा नाही. इस्लाममध्ये जात नाही हे आम्ही रोज वर्गात शिकवतो. पण आपल्या बिरादऱ्या काय आहेत हे महाराष्ट्रातल्या मुस्लिम ओबीसी चळवळीने आपल्याला आरसा धरून दाखवले. त्या चळवळीच्या व्यासपीठावर दिलीपकुमार उभे राहिले होते, तेच दिलीपकुमार ज्यांच्या कितीतरी चित्रपटांना नौशाद यांचे संगीत आहे. बागवान, तांबोळी, अत्तार, मोमीन, मण्यार ही नावे आपल्यात आहेत, आणि ती नुसती नावे नाहीत. लखनौच्या घराने मुलाला दर्जी म्हणून सांगितले यातही एक बारकावा आहे. दर्जी काही नवाब नव्हे. तरीही तो गाणे करणाऱ्यापेक्षा वर होता. शिडीवरची एक पायरी कमी पडली तरी चालेल, शेवटची पायरी नको.

आणि हे केवळ मुसलमानांचे नाही. महाराष्ट्राच्या गावात सनई-चौघड्याशिवाय लग्न लागत नसे. सनई वाजवणारे घडशी, गुरव मात्र पंगतीत कुठे बसत, हे जुन्या माणसांना विचारावे. बॉम्बे टॉकीजच्या सरस्वतीदेवी या हिंदी चित्रपटसृष्टीतल्या पहिल्या स्त्री-संगीतकारांपैकी एक. त्या मूळच्या खुर्शीद मिनोचर-होमजी, पारशी. १९३५ च्या ‘जवानी की हवा’च्या वेळी त्यांच्या समाजातून एवढा विरोध झाला की कंपनीने त्यांना नवे नाव दिले आणि पुढची सगळी कारकीर्द त्या नावाखाली झाली. लखनौला धंदा लपवला गेला, मुंबईत नाव लपवले गेले. शिकलेल्या वर्गाचे म्हणाल तर नभोवाणीमंत्री बाळकृष्ण केसकर पुण्याचे, शास्त्रीय संगीताचे जाणकार. १९५२ नंतर त्यांच्या काळात आकाशवाणीवरून चित्रपटगीते जवळजवळ हद्दपार झाली. लोकांनी रेडिओचा काटा सिलोनकडे वळवला. शेवटी १९५७ साली सरकारलाच विविध भारती सुरू करावी लागली. त्याच १९५२ सालच्या ‘बैजू बावरा’त दत्तात्रेय विष्णू पलुस्कर आणि उस्ताद अमीर खाँ यांची जुगलबंदी होती. पण शिक्का बसला की बसला. मुन्शीजींनी दीनच्या नावाने जे म्हटले तेच मंत्रिमहोदयांनी संस्कृतीच्या नावाने म्हटले.

आता दीनचीच बाजू पाहू, कारण तिला बगल देऊन हा लेख लिहिणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. आम्ही मुफ्ती नाही. बी.एड. झालेल्या शिक्षकाने फतवा देऊ नये. पण जे वाचले आहे ते सांगता येते. बुखारी शरीफमध्ये वाद्यांचा निषेध करणारी जी हदीस आहे ती मना करणारे पुढे ठेवतात. स्पेनचे इब्न हज्म यांनी तिच्या सनदीवर आक्षेप घेतला आणि बंदीचे मत मान्य केले नाही. बुखारीतच दुसरीकडे ईदच्या दिवशी हजरत आयेशा (र.) यांच्या घरी दोन मुली गात होत्या, हजरत अबू बकर (र.) रागावले, आणि प्रेषितांनी (स.) त्यांना गाऊ द्या, ईद आहे, असे सुचवले, हा प्रसंग आहे. इमाम गजाली यांनी ‘इह्या’मध्ये समाअवर एक पूर्ण प्रकरण लिहिले. त्यांचा मुद्दा आम्हाला फार मोलाचा वाटतो. गाणे हृदयात बाहेरून काही आणून घालत नाही, आत जे आहे तेच हलवते. म्हणून त्यांनी गाण्याचा निवाडा करताना ऐकणाऱ्याच्या मनाचाही निवाडा केला. सुलतान गयासुद्दीन तुघलकाच्या दरबारात हजरत निजामुद्दीन औलिया यांना समाअबद्दल जाब द्यावा लागला होता, हेही विसरू नये. वाद जुना आहे आणि दोन्ही बाजूंना मोठी माणसे आहेत.

ज्यांचा कौल मनाईकडे आहे त्यांच्याबद्दल आम्हाला आदरच आहे, एका अटीवर. त्यांनी तो कौल स्वतःच्या कानालाही लावावा. आमच्या ओळखीचे एक बुजुर्ग आहेत. घरात टीव्ही नाही, मोबाइलची घंटी साधी, लग्नात बँड वाजू लागला की सलाम करून उठतात. त्यांनी एखाद्या संगीतकाराला ‘हा धंदा सोडा’ म्हटले तर तो त्यांचा हक्क आहे, कारण ते आधी स्वतः सोडून बसले आहेत. पण हे एक झाले. बाकीचे आपण सगळे कोण? आपण ऐकणारे. रिक्षात ऐकतो, हळदीला ऐकतो, रात्री मालिकेत ऐकतो. वाद्य हराम असेल तर करणाऱ्याच्या गुनाहात ऐकणाऱ्याचा वाटा आहे. हराम नसेल तर करणाऱ्याची रोजी स्वच्छ आहे आणि तिला इज्जत द्यायला हवी. या दोहोंपैकी काहीही मान्य करा. ऐकणारा पाक आणि करणारा नापाक, हे तिसरे मात्र कुठल्याच फिकहमध्ये बसत नाही.

उर्दूच्या शिक्षकाला हा दुटप्पीपणा अंमळ जास्तच टोचतो. आम्ही मीर शिकवतो, गालिब शिकवतो. गजलेत साकी आहे, मैखाना आहे, जाहिदची टवाळी आहे. आजवर एकाही पालकाने येऊन, सर, हे काय शिकवता, असे विचारलेले नाही. उलट मुलगा शेर तोंडपाठ म्हणतो याचे कौतुक होते. तोच शेर त्याच मुलाने पेटीवर बसवून म्हटला की घरात चर्चा सुरू होते. छापले तर अदब, गायले तर ऐब. नौशाद स्वतः शेर लिहीत, त्यांच्या उर्दू कवितांचा ‘आठवाँ सुर’ हा संग्रह आहे. शायर नौशादला मुशायऱ्यात मानाची जागा होती, तिथे सासरी काही लपवावे लागले नसते.

आपल्याच मुलखात याहून वेगळे उदाहरण आहे, ते मिरजेचे. तिथल्या शिकलगारांचा मूळ धंदा हत्यारांना धार लावण्याचा. एकोणिसाव्या शतकात फरीदसाहेबांच्या घराण्यापासून हे लोक तंबोरे आणि सतारी बनवू लागले. पंढरपूर भागातला भोपळा, मुसलमान कारागिराचा हात, आणि गाणारा कोणत्याही धर्माचा. ‘सतारमेकर’ हे तिथे आडनाव आहे आणि ते दाराच्या पाटीवर अभिमानाने लावलेले असते. २०२४ साली मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकनही मिळाले. किराणा घराण्याचे अब्दुल करीम खाँ १९३७ साली वारले. त्यांची कबर तिथेच मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारात आहे, आणि त्यांच्या स्मरणार्थ दरवर्षी तिथे गाण्याची मैफल होते. मिरजेचे मुसलमान नमाजी नाहीत, असे कोणी म्हणू शकेल काय? तिथे ऐब नाही, कारण तिथे धंदा कोणी लपवला नाही. कारण आणि परिणाम उलटही असू शकतील, हे मान्य. पण लपवणे थांबवल्याशिवाय ऐब जाईल हे संभवत नाही.

नौशाद सत्तर वर्षांचे असताना त्यांनी दूरदर्शनवरच्या ‘टिपू सुलतान’ मालिकेला संगीत दिले. ते १९९० साल. आम्ही तेव्हा पाळण्यात. पण घरच्यांकडून ऐकले आहे की ज्यांनी टीव्हीला घरात पाऊल ठेवू दिले नव्हते त्यांनीही शेजाऱ्याच्या घरी बसून टिपू पाहिला, आणि शीर्षकसंगीत सुरू झाले की पोरांना हाका मारल्या. त्या दिवशी कोणी मसला काढला नाही. आपला सुलतान पडद्यावर होता ना.

हे सगळे आम्ही पुस्तकातल्या प्रश्नासारखे लिहीत असलो तरी आमच्यापुढे तो पुस्तकातून आलेला नाही. आम्ही नाहूरला राहतो. मुलुंड आणि भांडुप यांच्या मधले हे स्टेशन २००३ साली झाले. इथे फक्त धिमी गाडी थांबते. कारखान्यांच्या जागी टॉवर झाले, टॉवरच्या मागे जुन्या चाळी उरल्या, आणि त्या चाळींतली मुले आमच्या उर्दू माध्यमाच्या शाळेत येतात. त्यांपैकी एक माजी विद्यार्थी आज मालिकांच्या पार्श्वसंगीताचे काम करतो. नाहूरहून लोकलने घाटकोपर, तिथून मेट्रोने अंधेरी, आणि तिथे एका खोलीत कीबोर्ड आणि संगणक घेऊन तो मुख्य संगीतकाराच्या हाताखाली बसतो. संध्याकाळी भाग येतो, सकाळी वाहिनीला द्यायचा असतो. सासू दारात उभी राहिली की काय वाजवायचे, तिने तीनदा वळून पाहिले तर तीनदा काय वाजवायचे, हे सगळे त्याच्या डोक्यात तयार असते. नौशाद यांच्यापुढे शंभर वादक बसत, याच्यापुढे एकही नाही. सगळी वाद्ये यंत्रातच. पण काम तेच: दुसऱ्याच्या गोष्टीत आपला सूर घालणे, आणि त्याचे नाव कोणी वाचत नाही तेवढ्यात पट्टी सरकून जाणे.

त्याची आई नातेवाइकांत सांगते, मुलगा कॉम्प्युटरचे काम करतो. लखनौचा ‘दर्जी’ निखालस खोटा होता. हा ‘कॉम्प्युटर’ अर्धा खरा आहे, म्हणून जास्त सोयीचा आहे. मुलगा दिवसरात्र माउसच हलवतो, त्यात खोटे काय? त्याच्या रिश्त्याच्या बायोडाटात नोकरीच्या रकान्यात ‘सॉफ्टवेअर’ असे लिहिले गेले. मग मुलीचे मामा चौकशीला निघाले. आपल्यात रीत आहे, मुलाच्या जुन्या उस्तादाला विचारतात. ते शाळेत येणार हे कळताच आदल्या संध्याकाळी मुलाची आई आमच्याकडे आली. म्हणाली, “सर, ऐबपोशी हा सवाब आहे. तुम्हीच वर्गात शिकवलेत.”

खरेच शिकवले आहे. दुसऱ्याचा दोष झाकणाऱ्याचा दोष अल्लाह झाकतो, हे आम्ही आठवीला सांगतो. त्या रात्री बराच वेळ याच शब्दावर विचार केला. ऐबपोशीत झाकायची वस्तू ऐब असते. मुलगा दारू पीत असता आणि सोडली असती, तर आम्ही तोंड उघडले नसते. पण आम्ही त्याचे काम झाकले, तर ते ऐब आहे यावर सही करणारे पहिले आम्हीच ठरलो असतो, आणि तेही त्याच्या पाठीमागे. ज्या मुलाला सहावीत बाकावर बोटांनी ताल धरताना पाहिले, त्याच्या विरुद्ध ही साक्ष झाली असती. शिवाय निकाहच्या चौकशीचा मामला निराळा आहे. फातिमा बिन्त कैस यांनी आपल्याला आलेल्या रिश्त्यांबद्दल विचारले, तेव्हा प्रेषितांनी (स.) त्या माणसांबद्दल स्पष्ट सांगितले होते, एकाची गरिबीही लपवली नाही. विचारणाऱ्याचाही हक्क असतो. एका मुलीचे आयुष्य त्या उत्तरावर उभे राहणार असते, आणि ती त्या खोलीत नसते.

आईलाही आम्ही दोष देत नाही. तिने चाळीत राहून मुलगा वाढवला, दोन रिश्ते याच कारणाने परत गेलेले पाहिले. मूल्यांची चर्चा करणाऱ्याला कुठे नकार पचवायचे असतात? तिला आम्ही एवढेच म्हटले की मुलाला विचारा, त्याचे काय म्हणणे आहे. तो म्हणाला, सांगा सर. फोनवर आणखी काही बोलला नाही, मागे कुठल्या तरी मालिकेचा तुकडा पुन्हा पुन्हा वाजत होता.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत मामा आले. साठीचे गृहस्थ, मुंब्र्याला राहणारे, हातात डायरी. मुलाची नमाज, संगत, राग, आईशी वागणूक, एकेक विचारत गेले. कामाचे विचारले तेव्हा आम्ही सरळ सांगितले: मालिकांना पार्श्वसंगीत देतो, संगणकावर, मुख्य संगीतकाराचा साहाय्यक आहे. ते थोडे गप्प राहिले. मग कोणती मालिका म्हणून विचारले. नाव सांगितल्यावर म्हणाले, ही तर आमच्या घरी चालते. पगार किती, महिन्याच्या महिन्याला मिळतो का? आम्ही सांगितले की पगार नसतो, भागाप्रमाणे पैसे ठरतात, ते साधारण तीन महिन्यांनी हातात येतात, आणि मालिका बंद पडली की नवी मिळेपर्यंत बसावे लागते. त्यांनी ते डायरीत लिहून घेतले, पेनाने ‘तीन महिने’ याखाली रेघ मारली, आणि पुढचा प्रश्न विचारला की नाहूरची खोली स्वतःची आहे की भाड्याची.